रिकाम्या गिरणीचा आवाज

"रिकामी? आन् ती कशापायी?" सोजरबाई हसल्या. हसताना त्यांच्या भुवयांवरचं पीठ गालावर सांडलं.

"आवाज घ्यायचाय, मावशी," केणी म्हणाला. "नुसत्या दगडांचा. दाणे असले की दाण्यांचाच आवाज येतो."

"येनारच की. दान्यासाठीच हाय ती."

"दोनच मिनिटं."

"भाऊ, तोंडात घास नसताना आपन दात चावतो का? दगडावर दगूड घासला की कच सुटती. मग ज्याच्या त्याच्या पिठात तीच. सैल सोडून चालवते पायजे तर. तेवढ्यात भागवा."

त्यांनी चाक उलटं फिरवून दगड सैल केले आणि बटण दाबलं. पट्टा फिरू लागला. केणीने हेडफोन लावून ऐकलं आणि माझ्याकडे पाहून मान हलवली. पंखा लावल्यासारखा आवाज येत होता. पंख्याचा आवाज मुंबईत घरबसल्या मिळाला असता, त्यासाठी करमाळ्याला यायची गरज नव्हती.

ही सत्त्याण्णव सालची गोष्ट. आता लोक मला वस्तूंवर फिल्म करणारी बाई म्हणून ओळखतात. प्रेशर कुकर, इस्त्री, लिफ्ट, विहिरीवरची मोटर, छताचा पंखा, असल्या अठरा फिल्म माझ्या नावावर आहेत. तेव्हा एकच होती, शिलाई मशीनवर. ती माझ्या आईने पाहिली होती, केणीने पाहिली होती आणि एका महोत्सवाच्या निवड समितीतल्या तिघांनी. त्या तिघांपैकी एक जण झोपले होते, असं नंतर कळलं. उरलेल्या दोघांपैकी एकाने पत्र लिहिलं होतं की पुढची फिल्म नोव्हेंबरअखेर पाठवलीत तर अवश्य पाहू. त्या 'अवश्य'च्या जोरावर मी भाड्याचा सोळा एमएमचा कॅमेरा घेतला, केणीला पटवलं आणि पिठाच्या गिरणीवर फिल्म करायला निघाले. कॅमेरा मी चालवणार, आवाज केणी घेणार, असा आमचा दोघांचा संसार होता.

गिरणी सोजरबाई लावंड यांची. म्हणजे चालवायच्या त्या. मालकी भावकीची होती. नवरा वारल्यावर त्यांच्या धाकट्या दिराचं, अंकुशचं, म्हणणं पडलं की बाईच्या हातून मशीन चालत नाही. गिरणी बंद करून जागेत एसटीडी बूथ टाकावा. भावकीतल्या वडीलधाऱ्यांनी मधला मार्ग काढला. दसऱ्यापर्यंत वहिनीला चालवू द्या. एकाही गिऱ्हाइकाची तक्रार आली नाही तर गिरणी तिची. आली, तर किल्ली अंकुशकडे. हे मला सोजरबाईंनीच पहिल्या दिवशी सांगितलं, आणि सांगताना बोटं मोजून दाखवली. दसऱ्याला चौदा दिवस उरले होते.

"आतापर्यंत किती तक्रारी आल्या?" मी विचारलं होतं.

"एक. पुरानिककाकू म्हनल्या, सोजर, तू लय बोलतीस."

त्या खरंच बोलायच्या. गिरणी चालू असताना सगळे ओरडून बोलतात, तशा त्या गिरणी बंद असतानाही ओरडूनच बोलायच्या. पिठाच्या धारेखाली हात धरून ते किती गरम आहे बघायच्या, मग चिमूटभर जिभेवर टाकायच्या, आणि मगच गिऱ्हाइकाचा डबा धारेखाली सरकवायच्या. हे त्या प्रत्येक दळणाला करायच्या, फक्त मिरचीपूड सोडून. मी विचारलं, हाताला कळत नाही का? त्या म्हणाल्या, "हाताला जाड-बारीक कळतं, ताई. कच फकस्त जिभंला कळती."

पाच दिवसांत आमची चांगली गट्टी जमली. केणीने एकदा त्यांच्या कानाला हेडफोन लावला आणि त्यांचंच बोलणं त्यांना ऐकवलं. त्या दचकल्या, मग हसून हसून खाली बसल्या. "अगं बया, ही पेटी समदं ठिवती व्हय ध्यानात? आन् मी कालपासनं भावजीला किती शिव्या घातल्या!" तेव्हापासून केणीचा रेकॉर्डर म्हणजे 'पेटी' झाला. अंकुश दारावरून गेला की त्या पेटीकडे बोट दाखवून मला डोळा मारायच्या.

फिल्म मात्र जमत नव्हती. चित्रं होती, सोजरबाई होत्या, पण ज्यावर फिल्म उभी राहावी असं काही नव्हतं. केणीचं म्हणणं बरोबर होतं. त्या लोखंडी पोटातल्या दगडांचा स्वतःचा आवाज आम्हांला मिळाला नव्हता, आणि तो मिळाला तर सगळ्या फिल्मला कणा मिळेल, असं मला रोज वाटायचं. मी ते सोजरबाईंना तीनदा सांगितलं. तिन्ही वेळा त्यांनी मला दातांचा दाखला दिला.

घटस्थापनेच्या आदल्या दिवशी गिरणी दुपारीच बंद झाली. करमाळ्यात नवरात्राचं महत्त्व मोठं, आणि अख्ख्या पेठेचं उपासाचं पीठ सोजरबाईंकडे दळलं जायचं. त्याची रीत ठरलेली होती. दोन दिवस आधी त्या स्वतः छिन्नी-हातोडा घेऊन दगडांना टाकी लावायच्या, म्हणजे झिजलेल्या दगडांवर पुन्हा रेघा कोरायच्या. मग जनावरांसाठी ज्वारीचा भरडा काढायच्या, म्हणजे टाकीची सगळी कच त्यात निघून जाई. मग तांदूळ दळून दगड पुसून घ्यायचे. त्यानंतर गिरणीला गव्हाचा दाणा लावायचा नाही. दुसऱ्या दिवशी पहाटे आंघोळ करून राजगिरा, भगर आणि शिंगाडा, एवढंच. हे सगळं मी शूट केलं. टाकी मारतानाचे त्यांचे हात फार सुंदर आले होते.

संध्याकाळी त्या मला म्हणाल्या, "ताई, मी घरी जाऊन देव घासून येते. घटाची माती आनायची हाय. तुमचा पसारा हाय हितं, तर किल्ली ऱ्हाऊ द्या तुमच्यापाशी."

"कोणी आलं तर?"

"आज कोन येतंय? आन् आलं तर घरचं मानूस हाय की बसलेलं."

त्या गेल्या. पेठ शांत होती. एरवी गिरणीत डब्यांची रांग, बायकांच्या गप्पा, त्यामुळे स्वच्छ आवाज मिळायचा नाही. आज बाहेर एक सायकलसुद्धा जात नव्हती. केणी भिंतीला टेकून बसला होता. मी त्याच्याकडे पाहिलं, त्याने माझ्याकडे पाहिलं.

"नको," तो म्हणाला.

"एक मिनिटसुद्धा नाही. अर्धं."

"चारू, त्यांनी नाही म्हटलंय."

"सगळ्यांच्या पिठात कच येईल असं त्या म्हणतात. गावाकडची माणसं अशीच वाढवून सांगतात. अर्ध्या मिनिटात कसली कच सुटतेय?"

हे वाक्य मी बोलले. पाच दिवस त्या बाईच्या जिभेवरचं पीठ कॅमेऱ्याने टिपून झाल्यावर बोलले. केणीने उठून माइक दगडांच्या कवचाजवळ बांधला. मी बटण दाबलं. पट्ट्याने वेग घेतल्यावर चाक हळूहळू आवळलं, जसं त्यांना आवळताना पाहिलं होतं तसं.

तो आवाज मला शब्दांत सांगता येत नाही, आणि माझा धंदा शब्दांचा नाही. आधी खोल घरघर आली, मग तिच्या आतून एक बारीक किंचाळी निघाली, ती वर चढत गेली आणि एका जागी थरथरत राहिली. केणीने डोळे मिटले होते. मी घड्याळ पाहत होते. चाळीस सेकंद झाल्यावर त्याने हात वर केला आणि मी चाक सोडलं.

"मिळाला?"

"मिळाला," तो म्हणाला. त्याच्या अंगावर काटा आला होता. माझ्याही. आम्ही दोघं त्या क्षणी फार आनंदात होतो, हे लपवण्यात अर्थ नाही.

मग वास आला. गारगोटीवर गारगोटी घासली की येतो तसला. आम्ही दार उघडून ठेवलं, पण सोजरबाई लवकर परतल्या. उंबऱ्यातच थांबल्या.

"वास कसला वो?"

"केणीने सिगारेट ओढली," मी म्हणाले. केणी सिगारेट ओढत नसे.

"हितं? भाऊ, उपासाची गिरनी हाय ही! येवढं बी समजत न्हाई व्हय?" त्या खऱ्याच रागावल्या. केणी मान खाली घालून उभा राहिला आणि त्याने बोलणी खाल्ली. त्यांनी बादलीभर पाणी आणून फरशी पुन्हा पुसली, गिरणीला हळदकुंकू लावलं, आणि माझ्याकडून किल्ली घेतली.

दुसऱ्या दिवशी पहाटे सहाला आम्ही हजर होतो. सोजरबाई ओल्या केसांनी, अनवाणी उभ्या होत्या. डब्यांची रांग उंबऱ्याबाहेर गेली होती. पहिला राजगिरा पुराणिककाकूंचा. काकू सत्तरीच्या, पेठेतल्या सगळ्यांत जुन्या गिऱ्हाईक. त्यांचं पीठ पहिलं निघायचं असा मान होता. धार सुरू झाली. सोजरबाईंनी खाली हात धरला, ऊब बघितली आणि डबा सरकवला.

"जिभेवर नाही टाकलं?" मी कॅमेऱ्यामागून विचारलं.

"घट बसंपातूर तोंडात काय घालत न्हाई मी. आन् देवाच्या उपासाचं पीठ उष्टं कोन करतंय? म्हनून तर कालच समदं साफ करून ठेवलं."

मी ते ऐकलं. मला तेव्हा कळलं होतं. पिठाची धार माझ्यापासून दोन हातांवर पडत होती, आणि मला कसला उपास नव्हता. एक चिमूट मी तोंडात टाकायला हवी होती. मी टाकली नाही, कारण टाकली असती तर पुढे बोलावं लागलं असतं. मी फोकस जुळवत राहिले. दहा वाजेपर्यंत चाळीसेक डबे दळून गेले.

दुपारी तीनच्या सुमाराला पुराणिककाकू आल्या. हातात ताट, ताटात राजगिऱ्याची भाकरी, एक घास तोडलेली. त्यांच्यामागे आणखी दोघी, मग पाच, मग मोजायचं मी सोडलं. कोणी आरडाओरडा केला नाही. काकूंनी ताट सोजरबाईंपुढे धरलं.

"सोजर, घट बसलाय ना तुझा? मग खाऊन बघ."

सोजरबाईंनी तुकडा तोंडात घातला. एकदाच चावला. त्यांचा चेहरा मी लेन्समधून पाहत होते. त्यांनी घास थुंकला नाही, गिळला. मग गिरणीपाशी गेल्या, चाक सैल केलं, कवचाचं झाकण काढलं आणि आत हात घातला. बोटांना लागलेली करडी पूड अंगठ्याने चोळून पाहिली. टाकीच्या रेघा गुळगुळीत झाल्या होत्या, हे त्यांना बोटांनीच समजलं असणार.

तोवर अंकुश आला होता. सोबत भावकीतले दोन म्हातारे. त्याला कोणी निरोप दिला, ठाऊक नाही. असल्या बातम्यांना निरोप लागत नाही.

"वैनी, टाकी लावायचं काम बाईचं न्हवं, मी किती डाव सांगितलं," तो म्हणाला. आवाज चढवला नव्हता. जिंकलेल्या माणसाला आवाज चढवावा लागत नाही.

"टाकी बराबर हुती, भावजी. भरडा काढला, तांदूळ काढला. कच न्हवती त्यात. ह्यो दगूड रिकामा आवळून चालवलाय कुनीतरी."

"कुनी? भुतानं?"

सोजरबाई माझ्याकडे वळल्या. "सांजच्याला किल्ली ताईंपाशी हुती. ताई, तुमीच सांगा."

सगळ्या बायका माझ्याकडे पाहू लागल्या. महोत्सवाची तारीख, परत करायचा कॅमेरा, उरलेलं एकच रीळ, हे सगळं डोक्यात आलं. पण खरं सांगायचं तर त्यापेक्षा साधं कारण होतं. इतक्या बायकांसमोर मला लाज वाटली. ज्यांनी घरचं माणूस म्हटलं त्यांच्यासमोर तर जास्तच.

"मी हात लावला नाही," मी म्हणाले.

सोजरबाई एक पाऊल पुढे आल्या. मग अगदी हळू बोलल्या. पाच दिवसांत मी त्यांना इतकं हळू बोलताना ऐकलं नव्हतं.

"तुमच्या पेटीत समदं ऱ्हातंय न्हवं? कालचं लावा की. मला काय म्हनायचं न्हाई तुमास्नी. यांच्या कानावर पडू द्या फकस्त. गिरनी वाचंल माझी."

केणीच्या खांद्याला रेकॉर्डर होता. त्याची बोटं बटणावर गेली होती आणि तो माझ्याकडे बघत होता. मी नुसती मान हलवली असती तरी त्याने लावलं असतं.

"कालची टेप मुंबईला पाठवली," मी म्हणाले. "सकाळच्या एसटीने."

पुराणिककाकूंनी ताट खाली ठेवलं. त्यांना वाईट वाटत होतं, ते दिसत होतं. पण नवरात्राचा पहिला उपास होता आणि अख्ख्या पेठेच्या तोंडात कच गेली होती. एक म्हातारा म्हणाला, "सोजर, शब्द झाला हुता." दुसऱ्याने मान डोलावली.

सोजरबाईंनी कंबरेची किल्ली काढली. अंकुशपुढे धरण्याआधी त्या पुन्हा माझ्याकडे वळल्या.

"ताई, ह्ये पन घ्या फिल्ममदी. आता राहिलंच काय दुसरं घ्यायचं?"

त्या रागाने बोलल्या नाहीत. त्यांना टोमणा मारायचा होता की नाही, तेही मला आजवर ठरवता आलेलं नाही. केणी पुटपुटला, "चारू, नको." पण शेवटचं रीळ कॅमेऱ्यात होतं आणि उजेड चांगला होता. मी कॅमेरा हातात उचलला आणि सुरू केला.

रात्रीच्या गाडीसाठी आम्ही स्टँडवर बसलो होतो. केणी केबल गुंडाळत बसला होता. गाडी फलाटाला लागल्यावर त्याने माझी बॅग उचलली आणि हातात तिचं वजन करून पाहिलं.

"टेप मुंबईला गेली ना?" तो म्हणाला. "मग या बॅगेत काय आहे?"

फिल्मचं काम त्याने पूर्ण करून दिलं. त्यानंतर माझ्याबरोबर पुन्हा काम केलं नाही, आणि मीही कारण विचारलं नाही.

फिल्म महोत्सवात गेली. या वेळी कोणी झोपलं नाही. ते चाळीस सेकंद सुरू झाले तेव्हा सभागृहात कोणी हललंसुद्धा नाही म्हणतात. एका समीक्षकाने लिहिलं की यंत्राच्या आतला आक्रोश इतका निखळ आपण कधी ऐकला नव्हता. दुसऱ्याने माझ्या त्रयस्थपणाचं कौतुक केलं. मी दोन्ही कात्रणं जपून ठेवली. पुढची फिल्म करायला लोक माझ्या दारात आले. ती मी एसटीडी बूथवर केली, दुसऱ्या गावात. करमाळ्याला परत गेले नाही. सोजरबाईंचं पुढे काय झालं याची चौकशी करणं अवघड नव्हतं. मी केली नाही.

गेल्या वर्षी पुण्यात माझ्या सगळ्या फिल्म एकत्र दाखवल्या. अठ्ठावीस वर्षांनी मी गिरणीची फिल्म मोठ्या पडद्यावर पाहिली. नंतर प्रश्नोत्तरं झाली. एक मुलगी उठली, बहुधा फिल्मचं शिक्षण घेणारी असावी. तिचे डोळे ओले होते.

"शेवटचा शॉट, मॅडम. ती बाई किल्ली देते, तेव्हा तिचा हात इतका थरथरतो. तो क्षण तुम्हांला कसा मिळाला?"

हा प्रश्न मला या अठ्ठावीस वर्षांत अनेकांनी विचारला आहे. माझं उत्तरही ठरलेलं आहे. माणसांचा विश्वास मिळवावा लागतो आणि वाट पाहावी लागते, असं मी म्हणते. पुण्यातही तेच म्हटलं. टाळ्या पडल्या.

तो शॉट नीट पाहिला तर किल्लीमागची भिंत हलते. दाराची चौकट हलते, अंकुशचं मनगट हलतं, उंबऱ्यातल्या बायकासुद्धा हलतात. सोजरबाईंचा हात थरथरत नव्हता. त्यांनी किल्ली सरळ, ताठ हाताने दिली. थरथरत होता माझा हात, आणि कॅमेरा माझ्या हातात होता.